गरम मसाल्यांचा बीफ स्ट्यू स्लो कुकरमध्ये करताय? या चुका टाळा

आठ तास कुकर चालतो, घरभर दालचिनीचा वास सुटतो. मग झाकण उघडावं तर आत फिकट, पाणचट रस्सा, त्यात करडे तुकडे, आणि पहिल्याच घासाला लवंगेचा औषधी चटका. स्लो कुकर म्हणजे मंद आचेवर तासन् तास शिजवणारं विजेचं भांडं वापरणाऱ्या बहुतेकांच्या वाट्याला असा एखादा स्ट्यू येतोच. दोष कुकरचा नसतो, बऱ्याचदा कृतीचाही नसतो. या भांड्याला न जमणारी दोन कामं आपण त्याच्यावर टाकतो: मांस खरपूस करणं आणि पाणी आटवणं. त्याला जमतं ते एकच, उकळीच्या जरा खाली तासन् तास टिकून राहणं, आणि ते काम ते फार सुरेख करतं. बाकीचं आपल्याला सुरुवातीच्या आणि शेवटच्या अर्ध्या तासात करावं लागतं. माझ्या अनुभवात स्ट्यू बिघडतो तो याच दोन अर्ध्या तासांत. मधल्या आठ तासांत क्वचितच.

कोवळं मांस आणणं

खास पदार्थ करायचा म्हणून फिलेटसारखा मऊ, चरबी नसलेला भाग आणला तर तो इथे वाया जातो. जनावर जे स्नायू फारसे वापरत नाही ते कोवळे असतात, पण त्यांत कोलॅजेन (स्नायूंना बांधून ठेवणारं चिवट प्रथिन) कमी असतं, म्हणून आठ तासांनी त्यांचा कोरडा चोथा होतो. स्ट्यूला हवेत राबणारे स्नायू: खांद्याचा चक, पायाची नळी म्हणजे शँक, छातीचा ब्रिस्केट, नाहीतर गालाचं मांस. त्यांतलं कोलॅजेन साधारण ६० ते ७० अंश सेल्सिअसपासून हळूहळू सैल व्हायला लागतं, ८० च्या पुढे वेग घेतं आणि त्याचं जिलेटिन होतं. ओठांना किंचित चिकटणारा, अंगचाच दाटपणा असलेला रस्सा मिळतो तो या जिलेटिनमुळे.

‘स्ट्यूचे तुकडे’ म्हणून आधीच कापून ठेवलेलं मांस शक्यतो घेऊ नका. त्यात वेगवेगळ्या भागांचे तुकडे एकत्र असू शकतात; मग काही विरघळतात आणि काही चिवटच राहतात. अख्खा भाग आणून घरी ४ ते ५ सेंटिमीटरचे तुकडे करा. बारीक तुकडे इतक्या वेळात सुटून त्यांचे धागे होतात.

मांस न परतता टाकणं

सगळं कच्चंच भांड्यात घालून बटण दाबण्याची सोय मोहात पाडते, हे खरं. पण भाजल्या मांसाची जी गडद, खमंग चव आपण स्ट्यूमध्ये शोधतो, ती पृष्ठभाग साधारण १४० अंशांच्या आसपास गेल्यावरच नीट तयार होते. पाण्यात शिजणारं मांस १०० च्या वर जात नाही आणि कुकर तर तिथवरही जेमतेम पोचतो. म्हणजे ही चव आतमध्ये कितीही तास ठेवलं तरी येणार नाही, ती बाहेरून आणावी लागते.

परततानाही गफलत होते. तुकडे ओले असतात, तवा पुरेसा तापलेला नसतो, आणि किलोभर मांस एकदम ओतलं जातं. पाणी सुटतं आणि मांस भाजण्याऐवजी स्वतःच्याच पाण्यात उकडतं. तुकडे कागदी रुमालाने टिपून अगदी कोरडे करा, जाड बुडाचं पॅन चांगलं तापवा आणि तीन खेपांत परता. सगळ्या बाजू रंगवायची गरज नाही. दोन बाजूंना तपकिरी कवच आलं की पुरे. परतल्याने आतला रस कोंडून राहतो असं सर्रास सांगितलं जातं, ते चूक आहे. रस तरीही सुटतोच. परतायचं ते चवीसाठी.

मग पॅनच्या तळाला धरलेली खरवड. ती धुऊन टाकणं ही या साऱ्या यादीतली मला सगळ्यात जास्त टोचणारी चूक आहे. अर्धी वाटी पाणी किंवा स्टॉक घालून लाकडी उलथन्याने ती सोडवा आणि थेंब न थेंब कुकरमध्ये घाला. अपवाद एकच: खरवड काळी पडली असेल तर मात्र टाका, ती आठ तासांत सगळा रस्सा कडू करेल.

कांदाही याच पॅनमध्ये सोनेरी होईपर्यंत परता. कच्चा कांदा कुकरमध्ये मऊ होतो, पण त्याला रंग येत नाही आणि त्याचा उग्रपणाही पुरता जात नाही.

सगळे मसाले एकाच वेळी, एकाच मापाने

मसालेदार स्ट्यूची खरी परीक्षा इथेच होते. चुलीवरच्या भांड्यातून वाफेबरोबर वास निघून जातो. स्लो कुकरमध्ये वाफ झाकणाला लागून पुन्हा रश्श्यात पडते. त्यामुळे जोरकस मसाले अधिकच जोरकस होतात. दुसरीकडे नाजूक सुगंध इतक्या तासांत विझून जातात. दोन्ही एकाच भांड्यात घडतं, म्हणून ‘मसाला जास्त झाला’ आणि ‘मसाल्याला वासच नाही’ या तक्रारी एकाच स्ट्यूबद्दल ऐकू येतात.

लवंगेपासून सावध राहा. तिच्यात युजेनॉल हे उग्र वासाचं द्रव्य भरपूर असतं आणि दातांच्या औषधातही तेच वापरतात; तो औषधी चटका तिथून येतो. ऑलस्पाइस या मिरीसारख्या दिसणाऱ्या मसाल्यातही युजेनॉलच प्रमुख असतं, हे लक्षात न घेता दोन्ही सढळ हाताने घातले की जीभ बधिर होते. एक किलो मांसाला मी तीन लवंगा आणि ऑलस्पाइसचे पाच-सहा दाणे घालते, त्याहून जास्त नाही. सोबत बोटभर दालचिनीची एक कांडी, दोन तमालपत्रं, एक चक्रीफूल आणि अर्धा चमचा अख्खी मिरी. हे सगळं मलमलच्या कापडात बांधून पुरचुंडी करा. पुरचुंडीचा खरा उपयोग असा की चार-पाच तासांनी चव घेऊन ती बाहेर काढता येते. सुटी लवंग एकदा रश्श्यात गेली की गेली.

दालचिनी पूड करून सुरुवातीला घालू नका. ती पाणी शोषून बुळबुळीत होते आणि रस्सा गढूळ दिसतो. कांडीच बरी.

जिरे आणि धने यांचं उलट आहे. त्यांची पूड कोरडीच रश्श्यावर भुरभुरली तर कच्चट, मातकट चव शेवटपर्यंत राहते. त्यांचा वास तेलात उतरतो, पाण्यात फारसा नाही. म्हणून कांदा परतून झाला की आच कमी करून त्यातच एक चमचा जिऱ्याची आणि दोन चमचे धन्याची पूड घाला, अर्धा मिनिट परता आणि वास सुटताच द्रव ओता. त्याहून जास्त वेळ ठेवली तर करपते.

जायफळ, वेलची आणि थोडा ताजा कुटलेला मसाला शेवटच्या पंधरा-वीस मिनिटांसाठी राखून ठेवा. झाकण उघडताच नाकाला जाणवणारी ऊब हा शेवटचा पाव चमचाच देतो. आणि मांस दुप्पट केलंत म्हणून खडे मसाले दुप्पट करू नका, दीडपटीवर थांबा. कमी पडले तर शेवटी वाढवता येतात.

मांस बुडेल इतकं पाणी

चुलीवरची सवय हात सोडत नाही. पण कुकरमध्ये पाणी जवळजवळ आटतच नाही, आणि मांस शिजताना वजनाच्या साधारण पाव हिस्सा, कधी त्याहूनही जास्त पाणी सोडतं. एक किलो मांस आणि त्याबरोबरच्या भाज्यांना २५० ते ३०० मिलिलिटर द्रव पुरतं. सुरुवातीला ते कमी वाटतं. तुकडे वर डोकावत असतात. दोन-तीन तासांनी बघाल तर पातळी वर आलेली असते. वाइन घालायची असेल तर ती पॅनमध्येच उकळून निम्मी करून घ्या, कारण बंद झाकणाखाली तिचा कच्चा वास तसाच कोंडून राहतो.

भांडं अर्ध्यापेक्षा कमी किंवा दोन-तृतीयांशाहून जास्त भरू नका. बटाटे आणि गाजरं मांसापेक्षा हळू शिजतात, हे बऱ्याच जणांना खरं वाटत नाही. ती तळाशी आणि कडेने लावा, वर मांस. टोमॅटो किंवा व्हिनेगर भरपूर असेल तर बटाटा अधिकच अडून बसतो, कारण भाजीला घट्ट धरून ठेवणारं पेक्टिन आंबटपणात सहज सुटत नाही. आंबट शेवटी घाला. चवीलाही तेच चांगलं. मटार, पालक आणि कोथिंबीर शेवटच्या पंधरा मिनिटांत, क्रीम किंवा दही अगदी शेवटी. दही आधी घातलं तर फाटतं.

झाकण उघडून पाहू नका. दर वेळी गेलेली उष्णता भरून यायला वीस-तीस मिनिटं लागतात. पुरचुंडी काढताना एकदा उघडा, तेव्हाच चवही घ्या, बस.

जिथे चव नाही, तब्येत पणाला लागते

गोठलेलं मांस थेट कुकरमध्ये टाकू नका. ५ ते ६० अंशांच्या पट्ट्यात जिवाणू झपाट्याने वाढतात आणि गोठलेला गोळा त्या पट्ट्यात तासन् तास रेंगाळतो. फ्रिजमध्ये पूर्ण सुटू द्या. रात्रीच सगळं सिरॅमिकच्या भांड्यात भरून भांडं फ्रिजमध्ये ठेवायची युक्तीही टाळा. जाड भांडं थंडगार होतं, मग तापायला फार वेळ लागतो, आणि थंड सिरॅमिक एकदम तापलं तर तडकूही शकतं. मांस आणि भाज्या वेगवेगळ्या डब्यांत ठेवा.

स्ट्यूमध्ये राजमा घालणार असाल तर एवढं नक्की वाचा. कच्च्या राजम्यात फायटोहेमॅग्लुटिनिन नावाचं विषारी लेक्टिन, म्हणजे एक प्रकारचं प्रथिन, असतं. ते नष्ट व्हायला खळखळून उकळी लागते, आणि कमी तापमानावर नुसतं ऊन केल्याने त्याचा त्रास उलट वाढू शकतो. राजमा पाच तास भिजवा, ते पाणी टाका, ताज्या पाण्यात चुलीवर किमान दहा मिनिटं, मी तर म्हणेन तीस मिनिटं, खळखळ उकळा आणि मगच कुकरमध्ये घाला. डब्यातला शिजवलेला राजमा चालतो. अर्विंग नॅक्सन यांना या यंत्राच्या मूळ रूपाचं पेटंट १९४० मध्ये मिळालं आणि ते भांडं ‘बीनरी’ म्हणून ओळखलं जाई, म्हणजे नावातच बीन्स. १९७१ मध्ये ते क्रॉक-पॉट या नावाने बाजारात आलं आणि घरोघर पोचलं. म्हणून कुकर बीन्ससाठीच आहे असा समज सहज होतो. राजम्याच्या बाबतीत तो धोक्याचा आहे.

‘वॉर्म’ सेटिंग शिजवण्यासाठी नाही, शिजलेलं गरम ठेवण्यासाठी आहे, तेही दोन-चार तासच. तुम्ही घरी नसताना वीज गेली आणि किती वेळ गेली ते कळत नसेल, तर कितीही जिवावर आलं तरी स्ट्यू टाकून द्या.

आता बिघडलाच आहे, तर

मांस चिवट आहे. पहिली शंका येते ती जास्त शिजल्याची. चक किंवा शँक असेल तर बहुधा उलटंच आहे, अजून शिजायचं आहे. काटा सहज फिरत नसेल तर आणखी एक तास द्या, मग पुन्हा पाहा. बहुतेक कुकरमध्ये ‘लो’ आणि ‘हाय’ शेवटी जवळपास सारख्याच तापमानाला पोचतात. फरक तिथवर जायला लागणाऱ्या वेळेचा. म्हणून लोवर आठ ते दहा तास, हायवर पाच-सहा. कोरडा, भुसभुशीत तुकडा असेल तर तो जास्त शिजलेला किंवा चुकीच्या भागाचा. तो बोटांनी सोडवून रश्श्यात मुरू द्या.

रस्सा पातळ आहे. मांस बाजूला काढा आणि रस्सा रुंद पातेल्यात गॅसवर आटवा. चव घट्ट करणारा खरा उपाय हाच. वेळ नसेल तर एक मोठा चमचा कॉर्नफ्लोअर दोन चमचे थंड पाण्यात कालवून घाला आणि हायवर पंधरा-वीस मिनिटं ठेवा. फक्त आटवण्याआधी मीठ तपासा, आटताना ते वाढतं.

चव सपाट आहे. आधी मीठ. एक किलो मांसाला एकूण १० ते १२ ग्रॅम, म्हणजे साधारण दोन लहान चमचे बारीक मीठ लागतं. तरीही काहीतरी कमी वाटलं तर एक चमचा व्हिनेगर किंवा लिंबाचा रस. मी मसाला वाढवण्याआधी नेहमी आंबट घालून पाहते, आणि बहुतेक वेळा मसाल्याची गरजच उरत नाही.

लवंग किंवा दालचिनी चढली आहे. पुरचुंडी लगेच काढा. मीठ नसलेला स्टॉक, जास्तीचा शिजवलेला बटाटा, शेवटी थोडं क्रीम यांनी धार बोथट होते. चिमूटभर साखर कडवटपणाला चालते, लवंगेच्या चटक्याला नाही.

खारट झालं आहे. कच्चा बटाटा टाकून मीठ ‘ओढून’ घेता येत नाही. बटाटा मिठासकट पाणी शोषतो, रश्श्याचा खारटपणा तेवढाच राहतो. पाणी किंवा बिनमिठाचा स्टॉक घालून पातळ करणं हाच उपाय.

वर तेलाचा थर आहे. घाई नसेल तर रात्रभर फ्रिजमध्ये ठेवा, मात्र खोल भांड्यात तसाच नको. दोन तासांच्या आत उथळ डब्यांत वाटून ठेवा. सकाळी चरबीची पांढरी पापडी अलगद उचलता येते आणि खाली जिलेटिनने थरथरणारा रस्सा दिसतो. पुन्हा गरम करायचा तो गॅसवर, चांगली वाफ येईपर्यंत, स्लो कुकरमध्ये नाही. जायफळ या वेळी पुन्हा थोडं किसा. कालचं एव्हाना उडून गेलेलं असतं.