पोल्ट्री शेडच्या परवान्याचे नूतनीकरण अडले, तर काय करावे

ग्रामपंचायत किंवा नगरपालिका परवाना अथवा ना-हरकत दाखला नूतन करून देत नाही, तेव्हा शेतकऱ्याकडे बोलायला पुष्कळ असते, पण दाखवायला फारसे काही नसते. असे वाद कागदावर जिंकले जातात, म्हणून कागदांची तयारी वाद उभा राहायच्या आधीच करावी.

1. मुदत संपण्याआधी अर्ज द्या. उशिरा दिलेला अर्ज नवा मानला जाण्याचा धोका असतो. दरम्यान गावठाण शेडच्या दिशेने सरकले असेल, तर आजचे अंतराचे निकष तुमच्यावर लादले जातील. अर्जाला सातबारा, नमुना आठचा उतारा, जुना परवाना, शेडचा नकाशा, पक्षीसंख्या आणि लसीकरणाच्या नोंदी जोडा. प्रदूषण नियंत्रण मंडळाचे संमतीपत्र लागत असेल, तर ते चालू आहे का पाहा. घरपट्टी-पाणीपट्टीची थकबाकी आधी मिटवा. अडवणुकीला तेवढे निमित्तही पुरते.

2. पोच घ्या. दुसऱ्या प्रतीवर शिक्का, तारीख आणि आवक क्रमांक हवा. कार्यालय पोच देत नसेल, तर अर्ज स्पीड पोस्टाने पाठवून पावती जपा.

3. तोंडी नकार स्वीकारू नका. ‘गावाचा विरोध आहे’ या वाक्यावर अपील होत नाही. कारणांसह लेखी आदेश मागा. तो मिळत नसेल, तर माहिती अधिकार कायदा, 2005 खाली 10 रुपये शुल्क भरून अर्ज करा. त्यात ‘परवाना का अडवला?’ असे विचारू नका, कारण या कायद्याने नोंदी मिळतात, खुलासे नव्हे. अर्जावरील टिपण्या, मासिक सभेचा ठराव, तक्रारअर्ज आणि पंचनामा यांच्या प्रमाणित प्रती मागा. 30 दिवसांत उत्तर आले नाही, तर पुढच्या 30 दिवसांत पहिले अपील करा.

4. पंचनाम्याला स्वतः हजर राहा. बहुतेक तक्रारी वास आणि माश्यांच्या असतात, आणि दोन्हींचे मूळ ओल्या लिटरमध्ये, म्हणजे पक्ष्यांखाली अंथरलेल्या भुशात, असते. पाण्याच्या निपलखालचे लिटर मुठीत दाबून पाहा. मूठ उघडल्यावर गोळा तसाच राहिला, तर ते ओले आहे. गळती बंद करून तेवढे लिटर काढा. उष्ण हवेत अंड्यापासून माशी तयार व्हायला साधारण 7 ते 10 दिवस लागतात, म्हणून ही सफाई आठवड्याच्या आत व्हायला हवी. मेलेल्या पक्ष्यांच्या विल्हेवाटीची नोंदवही दाखवा. पंचनाम्यात चुकीचे लिहिले असेल, तर सही करताना तिथेच लेखी हरकत नोंदवा. नंतर घेतलेल्या हरकतीला फारसे वजन राहत नाही.

कारणे दाखवा नोटीस आली, तर प्रत्येक मुद्द्याला क्रमाने उत्तर द्या आणि सुनावणीची लेखी मागणी करा. म्हणणे न ऐकता दिलेला आदेश नैसर्गिक न्यायाच्या तत्त्वावर टिकणे अवघड असते.

5. अपील आणि अंतरिम दिलासा. सेवा अधिसूचित, म्हणजे शासनाने या कायद्याखाली जाहीर केलेली असेल, तर महाराष्ट्र लोकसेवा हक्क अधिनियम, 2015 खाली 30 दिवसांत पहिले अपील करता येते. इतर बाबतीत ज्या कायद्याखाली आदेश दिला, त्यातच अपिलाची तरतूद आणि मुदत शोधा. उशीर झाला असेल, तर विलंब माफीचा अर्ज सोबत जोडा.

इथे एक चूक फार महागात पडते. नकाराला नुसती स्थगिती मिळाल्याने परवाना हातात येत नाही. म्हणून ‘अपिलाचा निकाल लागेपर्यंत शेड बंद करू नये’ अशी स्वतंत्र मागणी करा आणि चालू बॅचमधील पक्षी, त्यांचे वय व उचलीची (विक्रीसाठी पक्षी नेण्याची) तारीख लिहा. नुकसान डोळ्यांसमोर आकड्यांत मांडलेले हवे.

संविधानाच्या अनुच्छेद 226 खाली उच्च न्यायालयात जाता येते, पण अपिलाचा मार्ग शिल्लक असेल तर सहसा आधी तिकडेच पाठवले जाते. सुनावणीच न देणे हा त्याला एक मान्य अपवाद आहे. निकाल तुमच्या बाजूने लागला आणि विरोधक दिवाणी न्यायालयात जाण्याची शक्यता असेल, तर कॅव्हेट, म्हणजे ‘आमचे ऐकल्याशिवाय आदेश देऊ नये’ असा अर्ज, दाखल करा. ते 90 दिवस चालते. नंतर पुन्हा दाखल करावे लागते.