कुत्रा मध्ये आला, कोड चुकला

बडोद्यात दांडिया बाजारातल्या घरी बसून मी अमेरिकेतल्या रुग्णांच्या फाइल्सचं मेडिकल कोडिंग करते, म्हणजे विम्याच्या बिलासाठी आजाराला, दुखापतीला आणि तिच्या कारणाला ठरलेले कोड लावते. सायकलवरून पडून उजवं मनगट मोडलेल्या माणसाचा क्लेम, म्हणजे विम्याचा दावा, परत आला. मी कारणाचा कोड व्ही10 लावला होता, म्हणजे सायकलस्वाराची माणसाशी किंवा प्राण्याशी टक्कर, आणि तोही पहिल्या क्रमांकावर!

डॉक्टरांची नोंद पुन्हा नीट वाचली. ‘कुत्र्याला चुकवताना रस्त्यावर पडला.’ धडक झालीच नव्हती. मग आधी दुखापत, कोलीस फ्रॅक्चर (मनगटाजवळचं हाड मोडणं), एस52.531ए. त्याखाली कारण, व्ही18.4एक्सएक्सए, म्हणजे टक्कर न होता रस्त्यावर झालेला सायकलस्वाराचा अपघात. कारणाचा कोड मुख्य निदान म्हणून कधीच चालत नाही. मधले दोन एक्स गाळू नका, सातवं अक्षर, इथे ए, सातव्याच जागी लागतं. क्लेम मंजूर झाला. त्या माणसाचं बिल अडकलं होतं, याचीच जास्त चुटपुट लागली होती.