"आमच्या घरात सगळ्यांनाच असं जातं" म्हणत असाल, तर हे वाचा

मी नाशिकमध्ये पॅथॉलॉजी लॅबमध्ये रक्त काढते. समोर कधी पेठ-सुरगाण्याहून आलेली मुलगी असते, कधी गंगापूर रोडच्या कॉलेजमधली. चिठ्ठीवर फक्त हिमोग्लोबिन लिहिलेलं. आकडा सहा-सात येतो आणि आई म्हणते, "अहो, आमच्या घरात सगळ्यांनाच पाळीत असं खूप अंगावरून जातं. माझंही, माझ्या आईचंही." ती लेकीला धीर देत असते. माझे कान मात्र तिथेच टवकारतात, कारण रक्त नीट न गोठण्याचे बरेचसे आजार घराण्यातूनच येतात.

त्यातला सर्वांत जास्त आढळणारा म्हणजे व्हॉन विलेब्रँड: रक्त गोठायला लागणारं त्याच नावाचं प्रोटीन कमी किंवा सदोष असतं. फिनलंडच्या ज्या डॉक्टरांचं नाव त्याला मिळालं, त्यांनी 1926 साली एका कुटुंबावर लेख लिहिला. ज्या मुलीमुळे हा शोध सुरू झाला, ती पुढे तेराव्या-चौदाव्या वर्षी पाळीच्या रक्तस्रावातच गेली. हिमोफिलिया हा मुलग्यांचा आजार म्हणून सगळे ओळखतात, पण त्याचा जीन असलेल्या बाईचं फॅक्टरही, म्हणजे रक्त गोठवणारं प्रोटीनही, कमी असू शकतं.

जास्त म्हणजे किती? पुस्तकात 80 मिलिलिटर लिहिलंय, पण ते कोण मोजणार? पाळी सात दिवसांपेक्षा लांबते का, पॅड किंवा कापड तास-दोन तासांत भिजतं का, रात्री बदलायला उठावं लागतं का, दहाच्या नाण्याएवढ्या रक्ताच्या गाठी पडतात का, ते बघा. भिंतीवरच्या कॅलेंडरवर दोन-तीन महिने रोजचे पॅड आणि गाठी लिहा. "खूप जातं" यापेक्षा त्या कागदावर डॉक्टरांचं काम लवकर होतं.

मग पाळी सोडून बाकीचं आठवा. घोळणा फुटला की दहा मिनिटांतही थांबत नाही का? कुठे लागलं नसताना काळेनिळे डाग उठतात का? दाढ काढल्यावर रात्रभर रक्त, बाळंतपणात रक्त चढवावं लागलं, असं घरात कुणाचं झालंय? हे बाबांच्या बाजूलाही विचारा. व्हॉन विलेब्रँड वडिलांकडूनही येतो. पुरुषांना पाळी नसते, त्यामुळे त्यांचं कधी लक्षातच येत नाही.

पाळी सुरू झाल्यावर पहिली एक-दोन वर्षं ती अनियमित असते, हे खरं. थायरॉइडमुळेही जास्त जातं. म्हणून आधी स्त्रीरोगतज्ज्ञांना दाखवा. रक्ताच्या तपासण्यांत सीबीसी (रक्तपेशींची मोजणी), फेरिटिन (लोहाचा साठा), पीटी आणि एपीटीटी (रक्त गोठायला लागणारा वेळ) असतातच. गडबड इथून पुढे होते: पीटी-एपीटीटी नॉर्मल आलं की फाईल बंद. व्हॉन विलेब्रँडमध्ये हे दोन्ही नॉर्मल येऊ शकतात. डॉक्टरांना सरळ विचारा, "व्हॉन विलेब्रँड अँटिजेन, त्याची ॲक्टिव्हिटी आणि फॅक्टर आठ करायचं का?"

या तपासणीला येताना धावतपळत येऊ नका. भीती, रडणं, ताप, गरोदरपण, इस्ट्रोजेनच्या गोळ्या, या सगळ्यांनी व्हॉन विलेब्रँड प्रोटीनची पातळी वाढते आणि कमी असलेली नॉर्मल दिसते. मी मुलीला आधी वीसेक मिनिटं बसवते, गप्पा मारते, मगच सुई. निळ्या झाकणाची नळी रेघेपर्यंत भरलीच पाहिजे. अर्धवट भरली तर आतल्या सायट्रेटचं, म्हणजे रक्त गोठू न देणाऱ्या द्रवाचं, प्रमाण चुकतं. नमुना बर्फात ठेवायचा नाही. बाहेरगावी जाणार असेल तर प्लाझ्मा (रक्तातला पेशींशिवायचा पातळ भाग) वेगळा करून गोठवून पाठवणार का, हे बिनधास्त विचारा, आम्हाला राग येत नाही. ओ रक्तगटात पातळी मुळातच थोडी कमी असते. एकदा नॉर्मल आली आणि त्रास तसाच असेल, तर पुन्हा करावी लागते. प्लेटलेटचं, म्हणजे रक्त थांबवणाऱ्या बारीक पेशींचं, काम तपासायला मात्र ताजंच रक्त लागतं, त्यामुळे जिथे मशीन आहे तिथे जावं लागतं. परळला केईएमच्या आवारात राष्ट्रीय इम्युनोहिमॅटॉलॉजी संस्था आहे. सकाळची पंचवटी एक्सप्रेस पकडून दादरला उतरलात की जवळच.

उपचार आहेत, आणि गर्भाशय काढणं हा त्यातला पहिला नव्हे. पाळीच्या दिवसांत ट्रॅनेक्झामिक ॲसिड हे रक्तस्राव कमी करणारं औषध देतात. पूर्वी कधी पायात किंवा फुप्फुसात रक्ताची गाठ झाली असेल, तर ते आधी सांगा. हॉर्मोनच्या गोळ्यांचं नाव काढलं की आया दचकतात, "लग्नाआधी?" त्या इथे रक्तस्राव कमी करायला असतात आणि पुढे मूल व्हायला आड येत नाहीत. काहींना डेस्मोप्रेसिन (शरीरातलंच व्हॉन विलेब्रँड प्रोटीन वाढवणारं औषध) किंवा बाहेरून फॅक्टर द्यावं लागतं.

पोट दुखतं म्हणून मेडिकलमधून स्वतःच गोळी आणू नका. ॲस्पिरिन आणि आयबुप्रोफेन प्लेटलेटच्या कामात अडथळा आणतात. पाळीसाठी सर्रास मिळणाऱ्या गोळीत मेफेनॅमिक ॲसिड असतं, तेही त्याच जातीचं. पॅरासिटामॉल चालतं.

लोहाची गोळी लिंबूपाण्यासोबत घ्या, चहा-दुधासोबत नको. शी काळी होते, घाबरायचं नाही. हिमोग्लोबिन भरल्यावरही साधारण तीन महिने चालू ठेवावी लागते, कारण साठा नंतर भरतो. शाळेतली आठवड्याची निळी गोळी कमतरता होऊ नये म्हणून असते. सहाच्या हिमोग्लोबिनला ती पुरत नाही. आपल्या नाशिकचे मनुकेही पुरत नाहीत, कितीही गोड असले तरी.

लागोपाठ दोन तास दर तासाला पॅड भिजला, चक्कर आली, धाप लागली, छाती धडधडली, तर सकाळची वाट न बघता कॅज्युअल्टीत जा.

निदान झालं की आजाराचं नाव आणि रक्तगट लिहिलेली चिठ्ठी पर्समध्ये ठेवा. दातांच्या डॉक्टरांना, कमरेत इंजेक्शन देणाऱ्यालाही आधी सांगा. गरोदरपणात व्हॉन विलेब्रँडची पातळी बहुतेकींची वाढते आणि बाळंतपणानंतर उतरते, म्हणून सुट्टी मिळून घरी आल्यावरही काही आठवडे लक्ष ठेवायचं. आणि धाकट्या बहिणीची तपासणी तिची पाळी सुरू व्हायच्या आतच उरका. भावाचं टॉन्सिलचं ऑपरेशन ठरलं असेल, तर त्याचीही.