स्कूटरची रेस: मूठ, वायर आणि आयडल घरच्या घरी नीट कसे करावे

गाडी बंद करून मेन स्टँडवर लावा. रेसची मूठ पूर्ण पिळा आणि एकदम सोडून द्या. ती टप्‌कन स्वतःहून मागे आली पाहिजे. हँडल सरळ ठेवून, मग पूर्ण डावीकडे आणि पूर्ण उजवीकडे वळवून, असं तीनदा करून पाहा. मूठ आळसात परत येत असेल, मधे अडखळत असेल किंवा हाताने मागे ढकलावी लागत असेल, तर दुरुस्ती होईपर्यंत ती गाडी रस्त्यावर काढू नये. मोटारसायकलची रेस अडकली तर क्लच दाबून चाकाला जाणारी ताकद तोडता येते. बिनागिअरच्या स्कूटरला क्लचचा लिव्हरच नाही, त्यामुळे इंजीन चाकाला ओढतच राहतं.

म्हणून रेसच्या कामात गाडी किती पळते हे नंतर पाहायचं, मूठ सोडल्यावर रेस बंद होते का हे आधी. बऱ्याचदा होतं उलटंच. सिग्नलला गाडी बंद पडते अशी तक्रार आली की कार्बोरेटरचा (इंजिनाला हवा-पेट्रोल मिसळून देणारा भाग) आयडल स्क्रू, म्हणजे मूठ सोडलेली असताना इंजीन किती मंद चालेल ते ठरवणारा स्क्रू, पिळून रेस वाढवून दिली जाते. दोन-चार दिवस बरं वाटतं. पण दोष वायरीत किंवा मुठीत असेल तर तो तसाच राहतो, आणि वर गाडी उभ्या-उभ्या पुढे सरकायला लागते. कामाचा क्रम पक्का ठेवा: आधी मूठ, मग वायर, आणि स्क्रूला हात सगळ्यात शेवटी.

कधी करावं

नागपुरात या कामाला दोन वेळा सोयीच्या आहेत. एक, नवतपा (मे अखेरीपासूनचे कडक उन्हाचे नऊ दिवस) संपता-संपता, पाऊस लागायच्या आधी. उन्हाळाभर उडालेली बारीक धूळ तोवर मुठीत आणि वायरीच्या तोंडाशी बसलेली असते. तिच्यावर पहिल्या झडीचं पाणी पडलं की चिखल होतो आणि वायर आतून गंजायला लागते. दुसरी वेळ पावसाळा उलटल्यावर. हिंगणा किंवा बुटीबोरी एमआयडीसीत रोज जाणाऱ्यांनी, तसंच कोराडी-खापरखेड्याच्या बाजूला राहणाऱ्यांनी मधे एखादी पाहणी जास्त करावी, कारण तिकडे जड ट्रकांची वर्दळ आणि धूळ दोन्ही जास्त. सर्व्हिसिंगला प्रेशरच्या पाण्याने गाडी धुतली असेल तर त्या आठवड्यात मुठीची चाचणी नक्की घ्या. तो फवारा रबराच्या टोपीखालून वायरीत पाणी घुसवतो.

लागणारं सामान

आठचा आणि दहाचा पाना, चांगल्या टोकाचा चौफुली पेचकस, पक्कड, मिलिमीटरची पट्टी, मार्कर, सुती फडकं, शिलाई मशीनला घालतात तसं पातळ तेल आणि थोडंसं ग्रीस. गाडीचं मॅन्युअल असेल तर जवळ ठेवा. काम मोकळ्या हवेत करा. बंद पार्किंगमध्ये इंजीन चालू ठेवू नका, सायलेन्सरच्या धुरातला कार्बन मोनॉक्साइड वासावरून कळत नाही.

मूठ

मुठीचं रबर घट्ट धरून हळूच पिळा आणि आतली प्लॅस्टिकची नळी सोबत फिरते का ते नीट बघा. आपल्याकडे मे महिन्यात पारा ४५ च्या वर जातो आणि दुपारभर उन्हात उभ्या गाडीचं रबर मऊ पडतं. मग ते नळीवरून घसरतं, रेस उशिरा लागते आणि वायर ढिली झाली असं वाटून लोक ती ताणून घेतात. अशा वेळी वायरीला हात न लावता मूठच बदला, किंवा रबर काढून, नळी पुसून, ग्रिपच्या गोंदाने परत बसवा.

मुठीच्या टोकाला वजन असेल तर ते आणि मूठ यांच्यात किंचित फट हवी. गाडी एकदा उजव्या अंगाला पडली की हे वजन आत ढकललं जातं आणि मुठीला घासतं. बाजारातली कापडी किंवा फोमची कव्हरंही सरकून असाच त्रास देतात. मूठ अडते आहे तोवर कव्हर काढूनच तपासणी करा.

स्विचचा डबा दोन स्क्रूंनी बसलेला असतो. तो उघडला की वायरीच्या टोकाची धातूची गोळी मुठीच्या खाचेत बसलेली दिसते. नळी आणि हँडलचा पाइप कोरड्या फडक्याने पुसा. खाचेतल्या गोळीला तांदळाच्या दाण्याएवढं ग्रीस पुरे. पाइपवर ग्रीस थापू नका, त्यावर धूळ चिकटून घट्ट लेप तयार होतो. डबा बंद करताना दोन्ही स्क्रू आलटून-पालटून कसा. एक आधी पूर्ण आवळला तर डबा तिरपा बसतो आणि मूठ दाबली जाते.

मोकळी चाल मोजणं

मूठ फिरायला लागल्यापासून वायर ओढली जाईपर्यंत थोडा रिकामा फेर असतो. बहुतेक स्कूटरना तो मुठीच्या आतल्या कडेवर २ ते ६ मिलिमीटर लागतो, तुमच्या गाडीचा नेमका आकडा मॅन्युअलमध्ये असतो. मुठीच्या कडेवर आणि तिच्या समोर स्विचच्या डब्यावर मार्करने एका रेषेत खूण करा. वायरीचा ताण बोटाला जाणवेपर्यंत मूठ हलकेच फिरवा आणि दोन खुणांमधलं अंतर पट्टीने मोजा.

चाल अजिबात नसेल तर हँडल वळवताना वायर ताणली जाऊन आपोआप रेस वाढते. गल्लीच्या वळणावर गाडी अंगावर आल्यासारखी पुढे झेपावते ती यामुळेच. चाल फार जास्त असेल तर मूठ पूर्ण पिळूनही कार्बोरेटर पूर्ण उघडत नाही, आणि इंजीन दमलं अशी समजूत होते.

चाल बसवणं

वायरीला चाल कमी-जास्त करण्यासाठी साधारण दोन ठिकाणी अॅडजस्टर असतो: एक मुठीजवळ रबरी टोपीखाली, दुसरा मागे कार्बोरेटर किंवा थ्रॉटल बॉडीपाशी (फ्युएल इंजेक्शनच्या गाडीत कार्बोरेटरच्या जागी असते ती). काही मॉडेलांत वरचा नसतोच. मागच्यापर्यंत पोहोचायला सीट उघडून डिक्कीचे बोल्ट काढून डिक्की उचलावी लागते. तिथे पेट्रोलचा पाइप जवळच असतो, म्हणून इंजीन थंड हवं आणि आसपास विडी-सिगारेट नको.

१. अॅडजस्टरला जागी धरून ठेवणारा लॉकनट ढिला करा.

२. अॅडजस्टर बाहेर काढत गेलात तर मोकळी चाल कमी होते, आत घालत गेलात तर वाढते. अर्धा-अर्धा फेराच द्या आणि दरवेळी मोजा.

३. बारीक फरक वरून काढा. वरच्याचे अर्ध्याहून जास्त आटे बाहेर दिसायला लागले तर तो परत आत घाला आणि मोठा फरक मागच्या अॅडजस्टरवर घ्या.

४. अॅडजस्टर एका पान्याने धरून ठेवा, तेव्हाच लॉकनट आवळा. नाहीतर नट आवळताना बसवलेली चाल बिघडते.

५. मूठ पूर्ण पिळून कार्बोरेटरवरची चकती शेवटपर्यंत उघडते का आणि सोडल्यावर स्टॉपरला येऊन टेकते का, हे डोळ्यांनी बघा.

काही गाड्यांना ओढणारी आणि परत आणणारी अशा दोन वायरी असतात. तिथे परतीची वायर आधी ढिली करा, ओढणारीची चाल बसवा आणि मग परतीची जुळवा.

वायर कधी बदलावी

रेसची वायर बहुधा मुठीच्या टोकाशी, गोळीच्या लगत तुटते, कारण रोजचा वाक तिथेच पडतो. आधी एक-दोन बारीक तारा सुटतात. मूठ फिरवताना करकर लागते, बोटाला काटे टोचतात. एक तार सुटलेली दिसली तरी वायर बदला. सुटलेल्या तारा आत गुंतून रेस उघडीच अडकवू शकतात, आणि डाग देऊन जोडलेली वायर भरवशाची नसते.

तारा शाबूत असून वायर जड चालत असेल तर तिचा रस्ता तपासा. हेडलाइटचं काम झाल्यावर किंवा पायाखालचा पॅनल काढून बसवल्यावर वायर दाबली जाते, तिला तीव्र वळण पडतं, किंवा कुणी प्लॅस्टिकच्या पट्टीने करकचून बांधलेली असते. रस्ता सरळ असेल तर वरचं टोक सोडवा, त्यावर प्लॅस्टिकच्या पिशवीचा कोपरा कापून नळकांड्यासारखा बांधा आणि पातळ तेलाचे थेंब सोडत तार वर-खाली करा. खालच्या टोकातून तेल येईपर्यंत थांबा. आत नायलॉन किंवा टेफ्लॉनचं अस्तर असलेल्या काही वायरींना तेल घालू नये असं मॅन्युअल सांगतं, तिथे तेच ऐका. गंज सोडवणारा स्प्रे हे वंगण नाही, तो उडून गेला की वायर पुन्हा कोरडी.

नवी वायर टाकताना जुनीच्या टोकाला मजबूत दोरा बांधून मगच ती ओढून काढा, म्हणजे त्याच वाटेने नवी घेता येते. कुठल्या क्लिपमधून ती जाते याचे फोटो मोबाइलवर आधीच काढून ठेवा. नवी वायर थोडी बसते, म्हणून आठवड्याभराने चाल पुन्हा मोजा.

आता आयडल

इथे तुमची गाडी कोणत्या पिढीची आहे हे ठरवून घ्या. १ एप्रिल २०२० पासून गाड्यांच्या धुराचा बीएस-६ हा नियम लागू झाला. त्या काळापासूनच्या पेट्रोल स्कूटर बहुतांशी फ्युएल इंजेक्शनच्या आहेत. त्यांचा आयडल संगणक सांभाळतो. थ्रॉटल बॉडीवर रंगाची खूण मारलेला स्क्रू दिसला तर त्याला हात लावू नका. वायरीची चाल बरोबर असूनही आयडल बिघडला, किंवा मीटरवर इंजिनाचा पिवळा दिवा लागून राहिला, तर ते स्कॅनर असलेल्या ठिकाणचं काम आहे.

कार्बोरेटरच्या गाडीला स्क्रू आहे, पण इंजीन पूर्ण गरम झाल्यावरच तो फिरवायचा. यातल्या बऱ्याच गाड्यांना ऑटो चोक असतो आणि थंड इंजीन काही मिनिटं मुद्दामच जास्त रेसवर चालतं. तेव्हा रेस कमी केली तर चोक सुटल्यावर गाडी बंद पडते. दहा मिनिटं गाडी चालवून आणा, मेन स्टँडवर लावा, मागचं चाक जमिनीपासून वर असू द्या आणि कपड्याचं टोक चाकाजवळ जाऊ देऊ नका. ११० सीसीच्या अनेक गाड्यांचा आयडल १७०० आरपीएमच्या आसपास असतो. आरपीएमचा काटा नसेल तर कानावर जा: इंजीन डळमळेपर्यंत स्क्रू हळूहळू ढिला करा, मग स्थिर चाले इतकाच पाव-पाव फेराने आवळा. चाक हळू फिरत असेल तर चालेल, पण हलक्या ब्रेकने ते लगेच थांबलं पाहिजे. जोरात फिरत असेल तर आतला आपोआप चालणारा क्लच धरतो आहे, रेस कमी करा. त्यानंतर सपाट जागी, ब्रेक सोडून, गाडी जागची हलत नाही ना हे पाहा.

स्क्रू पूर्ण ढिला करूनही रेस उतरत नसेल तर बाहेरून हवा ओढली जाते आहे: इंजीन आणि कार्बोरेटरमधलं रबर तडकलेलं किंवा व्हॅक्यूमची नळी निघालेली असते. किंवा चोक अडकलेला असतो. रेस दिली की गाडी घुटमळते आणि चढत नाही, अशी तक्रार असेल तर आधी एअर फिल्टर पाहा. तेलकट कागदाचा फिल्टर हवेने झाडून परत बसवू नये, तो बदलायचाच असतो. फिल्टर ठीक असेल तर कार्बोरेटरचा पातळ रबरी पडदा फाटला असण्याची शक्यता मोठी. सेमिनरी हिल्सच्या चढावर हा दोष चटकन ओळखू येतो: मूठ पूर्ण पिळलेली असूनही गाडी जागच्या जागी गुरगुरते.

चालत्या गाडीची रेस अडकली तर

मूठ जोराने पुढे ढकलून बंद करून पाहा. नाही झाली तर किल स्विच (इंजीन बंद करायचं हँडलवरचं बटण) दाबा, तो नसेल तर किल्ली फक्त ऑफवर आणा. हँडल लॉकच्या दिशेने ती नेऊ नका. दोन्ही ब्रेक एकदम आणि घट्ट लावा, हँडल सरळ ठेवा आणि थांबल्यावर गाडी डाव्या कडेला घ्या. अडकलेली मूठ हाताने खेळवून मोकळी झाली तरी ती गाडी घरापर्यंत चालवत नेऊ नका, गॅरेजपर्यंत ढकलत न्या किंवा टेम्पोत टाका.