क्लॅडिंग लावताय? मागे हवेला वाट ठेवा

क्लॅडिंग म्हणजे भिंतीवर बाहेरून बसवायचं पॅनेलचं किंवा फळ्यांचं आवरण. ओल आलेली भिंत नुसती झाकायला ते लावू नका. जोराच्या पावसात पाणी सांध्यांतून आत शिरतंच. पॅनेल भिंतीला चिकटलेलं असेल तर ते तिथेच मुरतं. मागे पोकळी असेल तर बरंचसं खाली निथळतं आणि उरलेली ओल वारा वाळवतो.

आधी ओलीचं मूळ शोधा. भिंतीच्या आतल्या बाजूला फूटभर प्लास्टिक चारही कडांनी टेपने चिकटवा आणि दोन दिवसांनी पाहा. प्लास्टिकच्या मागे पाणी जमलं असेल तर ओल भिंतीतूनच येतेय. पाइपची गळती किंवा जमिनीतून चढणारी ओल क्लॅडिंगने थांबत नाही. ती आधी दुरुस्त करा.

भेगा बुजवून भिंत वाळली की तिच्यावर मेंब्रेन, म्हणजे पातळ संरक्षक पडदा, लावा. तो पाणी अडवणारा, पण वाफ बाहेर सोडणारा हवा. साधी प्लास्टिक शीट नकोच, ती वाफही कोंडते. खालून वर जा. वरचा पट्टा खालच्यावर किमान १०० मिमी चढवा.

त्यावर उभ्या पट्ट्या ठोका, म्हणजे २५ ते ५० मिमी पोकळी मिळेल. फळ्या उभ्या बसवायच्या असतील तर या पट्ट्यांवर आडव्या पट्ट्यांचा दुसरा थर द्या. भिंतीवर थेट आडव्या ठोकल्या तर प्रत्येक पट्टी पाण्याला बांध घालते. स्क्रू स्टेनलेस स्टीलचे घ्या. पॅनेलची खालची कड जमिनीपासून १५० मिमी तरी वर राहू द्या.

खरी गडबड खिडक्यांपाशी आणि खालच्या कडेला होते. खिडकीवरच्या फ्लॅशिंगला, म्हणजे पाणी बाहेर वळवणाऱ्या पट्टीला, बाहेर उतार द्या आणि तिची वरची कड मेंब्रेनच्या खाली खोचा. पोकळी वर आणि खाली उघडी ठेवा, उंदीर-किड्यांसाठी बारीक जाळी लावा. काम संपताना कारागीर खालची फट ‘बरी दिसत नाही’ म्हणून सिलिकॉनने बुजवतात. तेव्हा समोर उभे राहा. ती बुजली की पाणी आतच अडकतं.

इमारत उंच असेल तर हे काम घरच्या घरी करू नका. आग लागल्यास हीच पोकळी धुराड्यासारखी ज्वाळा वर ओढते. लंडनच्या ग्रेनफेल टॉवरमध्ये २०१७ साली ७२ जण गेले. तिथे ज्वलनशील क्लॅडिंगवरून आग पसरली होती. अशा ठिकाणी न जळणारं साहित्य आणि मजल्यागणिक आग अडवणारे अडथळे हवेत, आणि ते तज्ज्ञाकडूनच ठरवून घ्या.

पहिल्या मोठ्या पावसात खालच्या कडेतून थेंब पडताना दिसले तर घाबरून सीलंट आणायला धावू नका. पाणी तिथूनच बाहेर पडायला हवं.