चार दुकानांचे गेम, एकच फडताळ

दोन वर्षांपूर्वी दिवाळीच्या सेलमध्ये मी ‘द विचर ३’ हा कॉम्प्युटर गेम घेतला. तीन आठवड्यांनी दुसऱ्याच लाँचरमध्ये (म्हणजे गेम विकणाऱ्या दुकानाच्या सॉफ्टवेअरमध्ये) भलतंच काही शोधत होतो, तर तोच गेम तिथे दिसला. आधीच घेतलेला, एकदाही न उघडलेला. भाचा शेजारी बसला होता. म्हणाला, "मामा, तू लोकांच्या पुस्तकांच्या अनुक्रमणिका लावतोस ना रे प्रेसमध्ये?"

लावतो. नारायण पेठेत २२ वर्षं डीटीपी करतोय. त्यामुळे ते मनाला लागलं, आणि त्याच रविवारी सगळ्या दुकानांतले गेम एका यादीत लावायला बसलो.

माझ्याकडे गेम कुठून कुठून आले ते सांगतो, तुमचंही साधारण असंच असणार. स्टीम, एपिक आणि जीओजी ही गेमची ऑनलाइन दुकानं. त्यांतलं स्टीमचं खातं सगळ्यात जुनं. २०१५ च्या शेवटी तिथे रुपयांत किमती दिसायला लागल्या, डॉलरचा गुणाकार सुटला आणि हात सैल झाला. एपिकचं खातं मे २०२० मधलं. लॉकडाऊन, प्रेसला कुलूप, आणि तिकडे जीटीए ५ हा गेम फुकट. तेव्हापासून दर गुरुवारी जे फुकट मिळेल ते उचलायची सवय लागली. जीओजीवर जुने गेम, कॉलेजात असताना मित्राच्या कॉम्प्युटरवर नंबर लावून खेळायचो ते. शिवाय चपलांच्या खोक्यात सीड्या, आणि भाच्याने आणून टाकलेले दोन-तीन छोटे गेम, जे कुठल्याच दुकानाचे नाहीत, नुसता फोल्डर.

सॉफ्टवेअर उतरवायच्या आधी एक कागद घ्या. कुठल्या दुकानात कुठल्या ईमेलने खातं आहे ते लिहा. हसू नका. माझी एपिकवर दोन खाती निघाली. एक ईमेल टाकून केलेलं, दुसरं घाईत गूगलच्या बटणाने केलेलं. अर्धे फुकटचे गेम इकडे, अर्धे तिकडे. हे आधी कळलं नाही तर पुढे "यादी अर्धीच का आली" म्हणून डोकं खाजवत बसाल.

सगळं एकत्र दाखवणारी सॉफ्टवेअर बरीच आहेत. स्टीममध्येच बाहेरचा गेम जोडायची सोय आहे, पण ती म्हणजे नुसता शॉर्टकट. एकेक जोडत बसायचं, आणि जो गेम डिस्कवर उतरवलेलाच नाही तो दिसणार नाही. माझं दुखणं तर न उतरवलेल्या गेमांचंच होतं. जीओजी गॅलेक्सी, म्हणजे जीओजीचंच लाँचर, दिसायला देखणं आहे, पण बाकीच्या दुकानांशी जोडणारे तुकडे बरेचसे हौशी लोकांनी लिहिलेले. दुकानाने काही बदललं की तो धागा तुटतो, मग पुन्हा जोडा. मी प्लेनाइटवर थांबलो. फुकट आहे, ओपन सोर्स (म्हणजे कोड सगळ्यांना खुला) आहे, स्वतःचं खातं काढायला लावत नाही, आणि यादी आपल्याच डिस्कवर राहते. फक्त विंडोजवर चालतं. लिनक्सवाल्यांनी हिरोइक किंवा लुट्रिस बघावं.

उतरवायचं ते प्लेनाइट डॉट लिंक या त्यांच्याच साइटवरून. इन्स्टॉल करताना ‘पोर्टेबल’ची खूण दिसेल. ती केलीत तर सॉफ्टवेअर आणि यादी एकाच फोल्डरमध्ये राहतात आणि पुढे कॉम्प्युटर बदलला तर फोल्डर उचलून न्यायचा. मी पोर्टेबलच केलं. पहिल्यांदा उघडलं की कुठली दुकानं जोडायची ते विचारतं. ज्यांची खाती कागदावर लिहिलीत तेवढीच निवडा. प्रत्येकाच्या सेटिंगमध्ये लॉगिन करा आणि ‘इन्स्टॉल न केलेले गेमही आणा’ अशा अर्थाची जी खूण असेल ती विसरू नका. सगळी गंमत त्या एका खुणेत आहे. स्टीमची यादी रिकामी आली तर स्टीमच्या प्रायव्हसी सेटिंगमध्ये जाऊन ‘गेम डिटेल्स’ खासगी केलेत का ते बघा.

एक गोष्ट आत्ताच सांगतो, कारण भाच्याच्या मित्राने हे केलं. प्लेनाइट आल्यावर बाकीचे लाँचर काढून टाकायचे नसतात. वाणसामानाची यादी म्हणजे वाणसामान नव्हे. प्लेनाइटमधून ‘प्ले’ दाबलं की ते मागे स्टीमला किंवा एपिकला हाक मारतं आणि गेम तेच सुरू करतात. स्टीमच काढून टाकलं तर हाक कोणाला मारणार?

पहिल्या फेरीत माझ्याकडे ३८७ नोंदी आल्या. छाती भरून आली, मग नीट बघितलं. त्यात डेमो होते, बंद पडलेल्या बीटा, म्हणजे चाचणीच्या, आवृत्त्या होत्या, साउंडट्रॅक होते. हे काढताना नीट लक्ष द्या. ‘रिमूव्ह’ म्हणजे यादीतून नाव काढणं, ‘अनइन्स्टॉल’ म्हणजे डिस्कवरून गेम पुसणं. नुसतं रिमूव्ह केलेलं नाव पुढच्या अपडेटला पुन्हा उगवतं, कारण दुकानात ते तुमच्या नावावर असतंच. म्हणून काढताना वगळण्याच्या यादीत टाकायचा पर्याय येतो, तो घ्या. एकच गेम दोन दुकानांतला असेल तर दोनदा दिसतो. त्यासाठी ‘डुप्लिकेट हायडर’ नावाचं ॲड-ऑन, म्हणजे वरून जोडायचा तुकडा, आहे, कुठल्या दुकानाची प्रत पुढे ठेवायची ते त्याला सांगता येतं. माझा विचर आता एकदाच दिसतो. पैसे मात्र दोनदाच गेले.

आता खरं काम. यादी आली म्हणजे ती लागली असं नाही. बहुतेक जण गेम प्रकाराप्रमाणे लावतात: ॲक्शन, रेसिंग, स्ट्रॅटेजी. मीही लावले. महिन्याभरात लक्षात आलं की रात्री साडेदहाला जेवणं उरकून लॅपटॉप उघडल्यावर माझ्या मनात "आज स्ट्रॅटेजी खेळू" असं कधीच येत नाही. मनात येतं ते एवढंच, की झोपायला पाऊण तास आहे. मग मी सगळे कप्पे पुसले आणि वेळेप्रमाणे नवे केले. प्लेनाइटमध्ये ‘कॅटेगरी’ हा रकाना तुमच्या मर्जीचा आहे, तिथे सरळ मराठीत लिहा. युनिकोड (सगळ्या मशीनवर अक्षरं साठवायची एकच पद्धत) असल्याने बिनचूक दिसतं. (आमच्या प्रेसमधल्या जुन्या श्रीलिपी फॉन्टच्या फाइली दुसऱ्या मशीनवर उघडल्या की जी अक्षरांची भेळ होते, तसं इथे होत नाही.)

माझे कप्पे असे आहेत: ‘पाऊण तास’, ‘रविवार दुपार’, ‘भाचा आल्यावर’, ‘वीज गेली तर’ आणि ‘घेतलाय, उघडला नाही’.

‘पाऊण तास’मध्ये जाण्याची अट कडक आहे. गेम सुरू होऊन हातात यायला दोन मिनिटांपेक्षा जास्त लागायला नकोत आणि कुठेही सेव्ह करून उठता आलं पाहिजे. या अटीवर विचर नापास. मोठे, कथेचे गेम सगळे ‘रविवार दुपार’मध्ये. ‘भाचा आल्यावर’मध्ये एकाच स्क्रीनवर दोघांनी खेळायचे. इथे माझं मत कामाचं नाही. तो निगडीहून येतो, कप्पा उघडतो, अर्धे गेम बाहेर काढतो आणि स्वतःचे दोन घुसवतो.

‘वीज गेली तर’ला सगळ्यात जास्त वेळ लागला. आमच्या भागात गुरुवारी अधूनमधून दुरुस्तीसाठी वीज जाते. पाणी तर गुरुवारी बंद असणं हा पुणेकरांना वेगळा सांगायचा विषय नाही. लॅपटॉपला बॅटरी असते, पण राउटर गेला की इंटरनेट गेलं, आणि मग कळतं की एकट्याने खेळायचा गेमसुद्धा सुरू होताना इंटरनेटवरून कंपनीला विचारतो. गेमच्या पानावर काय लिहिलंय यावर जाऊ नका. स्टीम आधी ऑफलाइन मोडमध्ये टाका, वायफाय बंद करा आणि एकेक गेम सुरू करून बघा. माझ्याकडच्या २५ पैकी नऊ गळाले. जीओजीचे सगळे पास झाले, कारण तिथून इन्स्टॉलर उतरवून ठेवला की गेम चालवायला त्यांचं गॅलेक्सीही लागत नाही. शिवाय बॅटरीवर खेळायचं तर हलके गेम घ्या. भारी ग्राफिक्सवाला गेम तासाभरात लॅपटॉप झोपवतो.

कप्पे झाले की उजवीकडच्या फिल्टरमध्ये ‘इन्स्टॉल्ड’ आणि ‘पाऊण तास’ दोन्ही लावा आणि तो फिल्टर नाव देऊन जतन करा. मी रात्री फक्त तोच उघडतो. ३८७ ऐवजी अकरा नावं दिसतात. अकरातून एक निवडता येतो.

कुठल्याच दुकानात नसलेले गेम हाताने जोडावे लागतात. मेन्यूत फोल्डर तपासून घ्यायची सोय आहे, पण ते गेमबरोबरच्या इतर चालणाऱ्या फाइलीही पुढे ठेवू शकतं. भाच्याने दिलेल्या एका गेमच्या फोल्डरमध्ये पाच निघाल्या. एक ‘अनइन्स’ने सुरू होणारी, म्हणजे गेम काढून टाकणारी, एक ‘युनिटी क्रॅश हँडलर’, म्हणजे गेम कोसळला तर रिपोर्ट करणारी, दोन विंडोजचे सुटे भाग बसवणाऱ्या, आणि उरलेली एक खरी. खुणा फक्त खऱ्या फाइलवर ठेवा. पहिल्या दिवशी मी पाचही जोडल्या आणि उत्साहात ‘अनइन्स’वरच ‘प्ले’ दाबलं. काय झालं ते सांगायला नको.

सीड्यांचं प्रकरण निराळं. काही जुन्या सीड्यांवर सेफडिस्क नावाचं कॉपी-संरक्षण असे. त्याला लागणारा ड्रायव्हर मायक्रोसॉफ्टने विंडोज १० पासून काढून टाकला, त्यामुळे सीडी अस्सल, बिलासकट असली तरी गेम चालत नाही. त्याहून जुन्यांचे इन्स्टॉलर १६ बिटचे, ते ६४ बिट विंडोजवर उघडतच नाहीत. यावर रात्री घालवू नका. तोच गेम जीओजीवर दुरुस्त करून विकायला असेल तर सेलमध्ये घ्या. डॉसचे, म्हणजे विंडोजच्या आधीच्या काळातले, गेम डॉसबॉक्स नावाच्या सॉफ्टवेअरमधून चालतात: प्लेनाइटमध्ये गेमच्या ‘ॲक्शन्स’मध्ये डॉसबॉक्सची फाइल द्यायची आणि त्या गेमची सेटिंगची फाइल सोबत जोडायची. मी तीन केले आणि थांबलो. खोकं अजून माळ्यावर आहे.

माझे मोठे गेम बाहेरच्या हार्ड डिस्कवर आहेत, तपकीर गल्लीतून आणलेल्या. एके दिवशी आधी पेन ड्राइव्ह लावला, मग ही डिस्क, आणि हाताने जोडलेले सगळे गेम मेले. विंडोजने डिस्कला ‘ई’ऐवजी ‘एफ’ अक्षर दिलं होतं, पत्ते सगळे ‘ई’चे. विंडोजच्या ‘डिस्क मॅनेजमेंट’मध्ये जाऊन डिस्कला वर्णमालेतलं बरंच मागचं अक्षर कायमचं देऊन टाका. माझी आता ‘पी’ आहे, पुण्याची.

कॉम्प्युटर सुरू होताना स्टीम, एपिक, ईए, युबिसॉफ्ट असे सगळे हजेरी लावत असतील तर टास्क मॅनेजरच्या ‘स्टार्टअप’मध्ये जाऊन त्यांना बंद करा. गरज पडली की प्लेनाइट त्यांना उठवतंच. खेळून झाल्यावर त्यांना आपोआप बंद करायची सोयही प्लेनाइटच्या सेटिंगमध्ये आहे. आठ जीबी रॅमवाल्यांना फरक लगेच जाणवेल.

टीव्हीला लॅपटॉप जोडला की एफ ११ दाबा. फुलस्क्रीन होतं आणि सगळं कंट्रोलरने चालतं. बहिणीला हे आवडलं, कारण आता भाचा "मामा, माउस कुठंय" म्हणून स्वयंपाकघरापर्यंत ओरडत येत नाही.

कप्पे लावायला मला तीन रविवार लागले, त्यामुळे बॅकअप घेतोच. मुख्य मेन्यूत लायब्ररीच्या खाली तो पर्याय आहे. कव्हरची चित्रं सोबत घेतलीत तर फाइल फुगते, ती वगळली तरी चालतात, पुन्हा उतरवता येतात. कप्पे मात्र इंटरनेटवर कुठेच मिळणार नाहीत. माझी बॅकअपची फाइल प्रेसमधल्या मशीनवर असते, एका दिवाळी अंकाच्या फोल्डरशेजारी.

राहिला गुरुवार. एपिकचा नवा फुकट गेम आपल्याकडे रात्री साडेआठला येतो. हिवाळ्यात अमेरिकेतली घड्याळं मागे गेली की साडेनऊला. तो ब्राउझरमधूनच घेता येतो, लाँचर उघडावा लागत नाही. मग प्लेनाइटमध्ये लायब्ररी अपडेट करायची, नवा गेम आला की ‘घेतलाय, उघडला नाही’मध्ये टाकायचा. त्या कप्प्यात आज २११ आहेत. सेलमध्ये काही घ्यायच्या आधी त्याचं नाव प्लेनाइटच्या शोधात टाकायचं, असा नियम भाच्याने मला घालून दिलाय. मागच्या महिन्यात दोनदा वाचलो.