चौथ्या दुकानात जीभ का थकते? चॉकलेटच्या पायी फेरीतल्या या चुका टाळा

चॉकलेटच्या दुकानांची पायी फेरी सुरू होते तेव्हा पहिल्या दुकानात ताटलीवर पाच-सहा हात एकदमच पडतात. तिसऱ्या दुकानापर्यंत गप्पा वाढलेल्या असतात. चौथ्यात कुणीतरी तुकडा बोटांत धरून नुसतं उभं राहतं, कुणी पाण्याची बाटली शोधतं आणि हमखास एक वाक्य ऐकू येतं, ‘आता सगळं सारखंच लागतंय.’ अनेकदा गाईड नेमकं तेव्हाच त्या दिवसातलं सगळ्यात जपून बनवलेलं चॉकलेट पुढे करत असतात.

मला याचं मनापासून वाईट वाटतं. त्या एवढ्याशा तुकड्यामागे कोकोची फळं फोडून काढलेल्या, पाच-सात दिवस आंबवलेल्या, वाळवलेल्या, भाजलेल्या, सोललेल्या आणि तासन्‌तास दळलेल्या बिया असतात. चव दुकानाने दिलेली असते, पण आपली जीभ तोवर बंद पडलेली असते. असं होण्याची कारणं बहुतेक वेळा फेरीच्या आधीच सुरू झालेली असतात.

बुकिंग करताना थांब्यांची संख्या बघून भुलणं

‘दोन तासांत आठ दुकानं’ ऐकायला भरघोस वाटतं. जरा हिशेब करा. आठ दुकानांमध्ये सात वेळा चालायचं. प्रत्येक वेळी सात मिनिटं धरली तरी 49 मिनिटं रस्त्यावरच गेली. उरलेली 71 मिनिटं आठ दुकानांत वाटली तर एका दुकानाच्या वाट्याला नऊ मिनिटंही येत नाहीत, आणि त्यातच सगळ्यांनी आत शिरायचं, ऐकायचं, चाखायचं, पैसे द्यायचे नि बाहेर पडायचं. त्यापेक्षा चार किंवा पाच थांब्यांची फेरी घ्या.

गट किती जणांचा आहे, हे विचारायला संकोचू नका. चॉकलेटची दुकानं बहुधा अरुंद असतात. वीस जणांच्या गटात मागचे दहा जण दाराबाहेर उभे राहतात आणि गाईडचं बोलणं त्यांच्यापर्यंत पोचतच नाही. दहा-बाराच्या आत गट असेल तर उत्तम. चाखायला मिळणाऱ्या चॉकलेटचे पैसे फेरीच्या शुल्कात धरलेत की वेगळे द्यायचे, हेही आधीच लेखी घ्या. आणि मी हमखास विचारते तो प्रश्न: वाटेत निदान एक तरी अशी जागा आहे का, जिथे काम चालू असताना दिसतं? मागे काचेपलीकडे कुणी संगमरवरी ओट्यावर वितळलेलं चॉकलेट पसरून गोळा करताना दिसलं, की पुढच्या सगळ्या दुकानांकडे बघण्याची नजर बदलते.

ॲलर्जीची गोष्ट दुकानात पोचल्यावर सांगणं

यात हयगय नको. बदाम, हेझलनट, पिस्ते, शेंगदाणे, दूध, सोया आणि काही सारणांतला गहू हे सगळं एकाच ओट्यावर, एकाच यंत्रातून जातं. ‘डार्क आहे म्हणजे दूध नसणार’ हे गृहीत धरू नका. डार्क चॉकलेटमध्येही दुधाचा अंश येऊ शकतो आणि काहींमध्ये तर दुधाची चरबी मुद्दाम घातलेली असते. मद्य किंवा जिलेटिन चालत नसेल तर तेही सांगा. बाहेरून साध्या दिसणाऱ्या गोळीच्या पोटात रम असू शकते. बुकिंगच्या वेळीच कळवलंत तर गाईड दुकानदाराशी बोलून तुमच्यासाठी वेगळी सोय करू शकतात. तीव्र ॲलर्जी असेल तर डॉक्टरांनी दिलेलं तातडीचं औषध जवळ हवंच. आणि दुकानदाराने ‘खात्री देता येत नाही’ असं म्हटलं तर तो तुकडा सोडून द्या.

उपाशीपोटी येणं

‘आज फक्त चॉकलेट’ म्हणून जेवण टाळणारे बरेच भेटतात. भुकेलेला माणूस चाखत नाही, गिळतो. सहा दुकानांत तीन-तीन सारणवाल्या गोळ्या, एकेक अंदाजे दहा ग्रॅमची, म्हणजे 180 ग्रॅम. जवळपास दोन मोठ्या वड्या रिकाम्या पोटात! मळमळ, डोकं जड होणं, जिभेवर साखरेचा थर हे सगळं तिथूनच येतं. तासभर आधी काहीतरी साधं, कमी गोड असं थोडं खाऊन निघा.

निघण्याआधी कॉफी, पुदिन्याचं च्युइंगम, तिखट खाणं आणि सिगारेट टाळा. उग्र अत्तर तर नकोच. ते तुमच्याबरोबर शेजाऱ्याच्याही नाकाचं नुकसान करतं. आणि चॉकलेटची फेरी खरं म्हणजे नाकाचीच असते. कशी, ते पुढे सांगते.

चावून टाकणं, ही सगळ्यात मोठी चूक

कोकोच्या बियांतलं लोणी, ज्याला आपण कोको बटर म्हणतो, ते साधारण 34 अंश सेल्सिअसच्या आसपास वितळतं. तोंडातलं तापमान त्याहून जरासंच जास्त. म्हणून चांगलं चॉकलेट सुखद हवेत टणक राहतं आणि जिभेवर ठेवलं की आपोआप विरतं. चवीची आणि वासाची द्रव्यं त्या विरघळण्याबरोबर सुटतात. दोनदा चावून गिळलं की निम्मा वास तोंडात सुटायच्या आतच पोटात जातो.

पहिल्याच दुकानात हे करून बघा. नाक चिमटीत धरा आणि नखाएवढा तुकडा जिभेवर ठेवा. गोड कळेल, कडू कळेल, थोडा तुरटपणा कळेल, बाकी काही नाही. आता नाक सोडून हलकेच श्वास बाहेर टाका. एकदम काहीतरी उघडतं: भाजलेल्या बियांचा वास, कधी मनुका, कधी संत्र्याची साल, कधी ओली माती किंवा मध. घशामागून नाकाकडे जाणारा हा वास म्हणजेच आपण ज्याला चव म्हणतो तिचा मोठा भाग. मी ज्यांच्याकडून हे करून घेतलंय त्यांच्यातलं कुणीही नंतर चॉकलेट घाईने खाल्लेलं मला दिसलेलं नाही.

त्याआधी तुकडा कानाजवळ मोडा. ‘कट्ट’ असा स्वच्छ आवाज आला, मोडलेली कड सुबक असली आणि पृष्ठभागाला चमक असली, तर टेम्परिंग नीट झालंय. कोको बटर सहा वेगवेगळ्या प्रकारे गोठू शकतं. त्यांतला पाचवा प्रकार हवा असतो, आणि तो मिळवण्यासाठी चॉकलेट ठरावीक अंशांपर्यंत तापवून, गार करून, पुन्हा किंचित तापवावं लागतं. यालाच टेम्परिंग म्हणतात. काचेपलीकडचा तो संगमरवरी ओटा याचसाठी असतो. तुकडा मोडण्याऐवजी वाकला तर टेम्परिंग बिघडलंय किंवा दुकानात उकाडा आहे, एवढं समजा.

चाखण्याचा क्रमही सांभाळा. प्रत्येक दुकानात आधी साधं, मग सारणाचं, आणि मिरची, पुदिना, आलं किंवा मद्य असलेलं अगदी शेवटी. गाईडचा रस्ता दुकानांच्या अंतरावर ठरतो, जिभेच्या सोयीवर नाही. त्यामुळे मिरचीचं चॉकलेट दुसऱ्याच दुकानात समोर आलं, तर बरोबर आणलेल्या छोट्या डबीत ठेवून द्या. तशी डबी नेणं कुणाला वावगं वाटत नाही.

मध्येच जीभ थकली तर

थंड पाणी पिऊ नका. थंड पाण्याने जिभेवरचं कोको बटर गोठतं आणि थर तसाच राहतो. कोमट पाण्याचे दोन-तीन घोट तोंडात फिरवून घ्या, आणि साध्या पावाचा किंवा बिनमिठाच्या बिस्किटाचा तुकडा चावा. पुढच्या दुकानात फक्त वास घ्या, तुकडा डबीत टाका. एक दुकान असं सोडलं की त्यापुढच्या दुकानात जीभ बहुतेक परत येते. मळमळत असेल तर गाईडना सरळ सांगा आणि बाहेर हवेत उभे राहा. ‘पैसे दिलेत, मग खायलाच हवं’ हा हट्ट सोडावा.

संध्याकाळची फेरी असेल आणि कॉफीने झोप उडणाऱ्यांपैकी तुम्ही असाल, तर डार्क चॉकलेटही जपून खा. त्यात थोडं कॅफीन असतं आणि त्याच कुळातलं थिओब्रोमीन बऱ्यापैकी. हेच थिओब्रोमीन कुत्र्यांना विषारी आहे, तेव्हा उरलेला तुकडा वाटेतल्या कुत्र्याला मायेनेसुद्धा टाकू नका.

टक्केवारीला दर्जा समजणं

‘तुमच्याकडे 90 टक्क्यांचं आहे का?’ हा प्रश्न फुशारकीने विचारला जातो. 70 टक्के याचा अर्थ एवढाच, की वडीच्या वजनातले 70 टक्के कोकोच्या बियांतून आलेत, आणि त्यात कोको बटरही धरलेलं असतं. उरलेली बहुतेक साखर. बिया कशा होत्या, नीट आंबवल्या का, करपवल्या का, यातलं काहीच तो आकडा सांगत नाही. दोन दुकानांतली 70 टक्क्यांची चॉकलेटं शेजारी ठेवून चाखा. एक आंबूस-फळासारखं आणि दुसरं धुरकट-कडवट निघालं तर नवल नाही.

व्हाइट चॉकलेटला नाक मुरडण्याचीही घाई नको. त्यात कोकोचा तपकिरी भाग नसतो, पण कोको बटर असतं, आणि चांगल्या दुकानात त्यावरूनच दुधाची नि बटरची पारख होते. संशय घ्यायचाच असेल तर तो यादीत कोको बटरच्या जागी पाम किंवा दुसरी वनस्पती चरबी दिसली तर घ्या. तसलं चॉकलेट टाळूला मेणासारखं चिकटून राहतं.

‘तुम्ही स्वतः बनवता का?’

प्रश्न चांगला आहे, सूर चुकतो. चॉकलेटच्या जगात दोन वेगळी कामं आहेत. काही जण बियांपासून वडीपर्यंत सगळं करतात, त्याला बीन टू बार म्हणतात. बाकीचे बरेच जण तयार चॉकलेट आणून वितळवतात आणि त्यांचं कसब सारणात, साच्यात, पातळ कवचात असतं. ब्रसेल्समध्ये 1912 साली झाँ न्यूहाउस यांनी सारण भरलेलं प्रालिन आणलं, ते याच दुसऱ्या परंपरेतलं. तेव्हा ‘बिया भाजत नाही’ म्हटल्यावर तोंड वाकडं करणं अन्यायाचं आहे. त्यापेक्षा ‘आज सकाळी काय बनवलंत?’ असं विचारा. दुकानदाराचा चेहरा खुलतो आणि कधीकधी फेरीत नसलेला तुकडाही हातावर येतो. प्रालिन या शब्दाचाही घोळ होतो. बेल्जियममध्ये ती सारण भरलेली गोळी, फ्रान्समध्ये साखरेत घोळवलेला बदाम. ऑर्डर देण्याआधी बोट दाखवून खात्री करा.

पहिल्याच दुकानात पिशवी भरणं

माझ्या पहिल्या फेरीत मी दुसऱ्याच दुकानातून ट्रफलचा, म्हणजे मऊ चॉकलेटच्या गोळ्यांचा, डबा घेतला आणि पाठीवरच्या सॅकमध्ये ठेवला. दोन तास उन्हात आणि पाठीच्या उबेत. घरी उघडला तेव्हा बारा ट्रफलची एक वडी झाली होती. आता मी आवडलेल्यांची नावं लिहून घेते आणि फेरी संपल्यावर उलट्या दिशेने जाऊन खरेदी करते. ते शक्य नसेल तर गाईडना विचारून डबा दुकानातच ठेवा आणि शेवटी उचला. ताज्या सायीचं सारण असलेल्या गोळ्या घेताना ‘किती दिवसांत संपवायच्या?’ हे विचाराच, त्या वडीसारख्या महिनोन्‌महिने टिकत नाहीत. विमानाने परतणार असाल तर चॉकलेटचा स्प्रेड हातातल्या बॅगेत नको. अनेक विमानतळांवर तो द्रवात मोजतात.

घरी आल्यावर वड्या 15 ते 18 अंशांच्या कोरड्या, अंधाऱ्या जागी ठेवा. फार उकाडा असेल आणि फ्रिजशिवाय इलाज नसेल तर हवाबंद डब्यात घाला, आणि बाहेर काढल्यावर डबा खोलीच्या तापमानाला येईपर्यंत उघडू नका. नाहीतर वडीवर दव धरतं, साखर विरघळते आणि पाणी उडाल्यावर पांढरा खरखरीत थर उरतो. दुसरा पांढरा थर उष्णतेने वर आलेल्या चरबीचा. तो बोटाने चोळला की ऊब लागून नाहीसा होतो, साखरेचा होत नाही. दोन्ही म्हणजे बुरशी नव्हे. वडी बिनधास्त किसा आणि गरम दुधात ढवळा.